पोलिओ, कॅलिपर आणि ४० दुकानांचा बीट: सांगलीत सेल्सची नोकरी धरावी का?

बेदाणा_२६ (तासगाव)

नमस्कार मंडळी. डावा पाय पोलिओचा, मांडीपर्यंत कॅलिपर (पायाला आधार देणारी चौकट), उजव्या हातात कोपराची कुबडी. प्रमाणपत्र ६० टक्क्यांचं, यूडीआयडी कार्ड (दिव्यांग ओळखपत्र) हातात आहे. शिक्षण बी.कॉम. दोन ठिकाणी बोलणं चाललंय.

पहिलं, सांगलीतला एक वितरक. बिस्किट, साबण, चहा. काम ऑर्डर बुकिंगचं. सहा बीट (एका दिवसाच्या दुकानांचा ठरलेला फेरा), रोज ४० दुकानं. त्यातले तीन बीट सांगली शहर, दोन मिरज, एक तासगाव. पगार १४,००० अधिक इन्सेंटिव्ह, पेट्रोल किलोमीटरला अडीच रुपये.

दुसरं, तासगावातच शेती औषधांचा होलसेलर. बसून फोनवर विक्री, १२,५००, सीझनला वर काहीतरी.

मला हे विचारायचंय:
१. ४० दुकानं कॅलिपरवर रोज होतात का? बीट कसा लावायचा?
२. स्कूटरला बाजूची चाकं बसवणार आहे. काय बघून घ्यायचं, आरटीओचं काय?
३. मुलाखतीला काय काय आधीच ठरवून घ्यावं?
४. फोनच्या कामात पुढे काही आहे का, की दहा वर्षांनी पण फोनच?

धीर देणारे घरी भरपूर आहेत. आकडे सांगा.

---

बीट_नंबर_सात

आकडेच घ्या.

४० दुकानं म्हणजे ४० टीसी (टोटल कॉल, एकूण भेटी). सरासरी दुकानाला ७ मिनिटं धरली तर २८० मिनिटं, पावणेपाच तास. एवढं तर दोन्ही पाय धडधाकट असलेल्यालाही लागतंच. तुमचा वेळ दुकानात जाणार नाही, गाडीवरून उतरण्या-चढण्यात जाणार. गाडी लावा, कुबडी काढा, उभे राहा, गुडघ्याचं लॉक लावा, ओटा चढा, परत येऊन लॉक सोडून बसा. एका उतरणीला तीन मिनिटं धरा. ४० दुकानांना ४० वेळा उतरलात तर दोन तास नुसते यातच गेले, आणि संध्याकाळी पाय बोलायला लागतो तो याचमुळे. तेव्हा बीट किलोमीटरवर किंवा दुकानांवर मोजू नका, उतरण्यांवर मोजा. ४० दुकानं ९-१० थांब्यांत बसली पाहिजेत. दहा उतरण्या म्हणजे अर्धा तास. दीड तास तिथेच वाचला.

थांबा कसा ठरवायचा? गाडी लावली की दोन्ही बाजूला साधारण ५० मीटरच्या आत ३ ते ५ दुकानं येतील अशी जागा. जाताना रस्त्याची एकच बाजू धरायची, येताना दुसरी. रस्ता ओलांडणं हा सगळ्यात महाग प्रकार, वेळेलाही आणि पायालाही. थांब्यातलं सगळ्यात लांबचं दुकान आधी करा, गाडीकडे येत येत बाकीची उरका. दमल्यावर गाडी जवळ असावी.

वितरकाकडून आउटलेट लिस्ट मागा आणि एक रविवार घालवून त्यावर तीन खुणा करा: ओट्याला पायऱ्या किती, आत बसायला स्टूल आहे का, आणि गाडी दारात लागते का. ४० पैकी पाच-सहा दुकानं अशी निघतातच की जिथे चार उंच पायऱ्या आणि कठडा नाही. त्यांच्यासाठी आधीच मालकाशी बोलून ठेवायचं. तुम्ही खालून हाक द्यायची, पोऱ्या स्टॉक बघून सांगतो. लाज वाटायचं कारण नाही. मालवाहू टेम्पोवाला रोज असंच करतो.

वेळेचं एक. गणपती पेठेसारख्या होलसेल भागात सकाळी माल उतरत असतो, हातगाड्या आणि हमाल यांच्या मधून कुबडी घेऊन चालणं म्हणजे डोकं ताळ्यावर नसल्याचं लक्षण. तो पट्टा दुपारी घ्या. उलट कॉलनीतली आणि उपनगरातली किराणा दुकानं दुपारी १ ते ४ बंद असतात, ती सकाळी. मधला अर्धा तास कॅलिपर सोडून पाय मोकळा ठेवायचा, तो बीटच्या कागदावर लिहूनच टाका. नाहीतर तो अर्धा तास कधीच येत नाही.

हात एकच मोकळा, तोही डावा. कुबडी उजव्या हातात असताना ऑर्डर बुक, पेन, मोबाईल हे जमणार नाही. मोबाईल गळ्यातल्या दोरीला छातीशी लटकलेला, डाव्या अंगठ्याने ऑर्डर टाकायची सवय करा. बॅग एका खांद्यावर नको, पाठीवरची घ्या, दोन किलोच्या आत. सॅम्पल आणि पोस्टर गाडीच्या डिकीत. दुकानात गेल्यावर कुबडी काउंटरला टेकवून ठेवली की ती घसरून बरणीवर पडते. मनगटाला अडकवायचा पट्टा लावून घ्या.

आता सगळ्यात महत्त्वाचं, जे कोणी सांगत नाही: दयेची ऑर्डर. पहिल्या महिन्यात तुमचा पीसी (प्रॉडक्टिव्ह कॉल, म्हणजे ऑर्डर मिळालेल्या भेटी) भारी दिसेल. चाळीसात तीस बिलं. बॉस खूश, तुम्ही खूश. त्यातली आठ-दहा बिलं मालाला गिऱ्हाईक आहे म्हणून नसतात, कुबडी बघून दिलेली असतात. तो माल फडताळात बसतो, दुसऱ्या महिन्यात तोच दुकानदार तोंड चुकवतो आणि तिसऱ्या महिन्यात एक्सपायरीचा खोका तुमच्या हातात देतो. वितरक मग म्हणतो, याचं डॅमेज फार येतं.

उपाय सोपा, पण पहिल्या दिवसापासून करायला हवा. नवीन दुकानात पहिली ऑर्डर स्वतःहून बारीक करायची. तो एक पेटी म्हणाला तर "आधी अर्धा डझन घ्या, पुढच्या सोमवारी बघू." पुढच्या फेरीला आधी फडताळातला स्टॉक मोजायचा, मगच ऑर्डरचं बोलायचं. सहापैकी दोन उरले तर आठ मागा. पाच उरले तर ती वस्तू त्या दुकानात चालत नाही, दुसरं दाखवा. डायरीत पीसीच्या बाजूला "दुसरी ऑर्डर" असा एक रकाना ठेवा. तुमची खरी विक्री तीच.

---

मागचं_चाक (सातारा)

गाडीबद्दल लिहितो, कारण यात लोक पैसे घालवतात आणि मग गाडी शेडमध्ये पडून राहते.

गिअरलेस स्कूटरला दोन्ही ब्रेक हातात असतात, त्यामुळे चालवायला डावा पाय लागत नाही. लागतो थांबताना. आपल्याकडे रस्त्याचा उतार डाव्या कडेला, त्यामुळे थांबलं की गाडी डावीकडे कलते आणि तिथेच तुमचा पोलिओचा पाय. उजव्या पायावर तोलायचं तर रहदारीच्या बाजूला वाकावं लागतं. म्हणून तुम्हाला बाजूची चाकं हवीतच. ज्याचा फक्त उजवा पाय अधू आहे असा एखादा बिनचाकाची चालवतो, त्याच्याकडे बघून ठरवू नका.

किट दोन जातींचे. एक कडक दांड्याचा, दोन्ही चाकं एकाच सरळ ॲक्सलवर. स्वस्त. दुसरा, प्रत्येक चाकाला स्वतंत्र आर्म आणि स्वतंत्र शॉकॲब्झॉर्बर. तुम्ही गावातल्या रस्त्यांवर फिरणार, दुसराच घ्या. कारण असं: गाडी ओढतं ते मधलं, मूळचं मागचं चाक. कडक दांड्यावर बाजूची दोन चाकं उंचवट्यावर आली आणि मधलं खड्ड्यावर आलं की मधलं अधांतरी राहतं. ॲक्सिलेटर पिळा, चाक जागेवर फिरतं, गाडी हलत नाही. पावसात चिखलाच्या कडेला असं अडकलात तर ढकलायला माणूस बोलवावा लागतो. बसवून घेताना मेकॅनिकला सांगा, तुमच्या वजनासकट बसवून बाजूच्या चाकांची उंची लावायची. रिकाम्या गाडीवर लावलेली उंची तुम्ही बसल्यावर बदलते.

चालवताना ही स्कूटर राहत नाही, तीनचाकी होते. वळणावर ती कलत नाही. नेहमीच्या वेगात वळवली तर आतलं चाक उचलतं. वळणाच्या आधी १५-२० पर्यंत खाली या, मग हँडलने वळवा, अंगाने नाही. गतिरोधक तिरका घेऊ नका. रुंदी साडेतीन-चार फूट होते, दोन गाड्यांच्या मधून काढायची सवय सोडा. वजन वाढलं, ब्रेक मात्र तेच, त्यामुळे थांबायला अंतर जास्त लागतं. चढावर लावताना ब्रेक लॉकची क्लिप हवी, स्टँडचा उपयोग नाही. रिव्हर्सची सोय मिळत असेल तर नक्की घ्या. पेठेत नाक घालून लावलेली गाडी पाय न टेकता मागे काढता येत नाही, रोज कुणाला तरी हाक मारावी लागते.

खर्चाचं गणित, हे तुमच्या अडीच रुपयांशी जोडून बघा. साधी स्कूटर ४५ देत असेल तर चाकं लावल्यावर ३५ धरा. पेट्रोल १०४ रुपये धरलं तर आधी किलोमीटरला २.३१ पडत होतं, आता २.९७. म्हणजे अडीच रुपयांत तुम्ही खिशातून भरणार, शिवाय टायर दोनाचे चार झाले, बेअरिंग वाढल्या. साडेतीनच्या खाली बोलूच नका. वितरकाला हेच गणित कागदावर दाखवा, तो व्यापारी आहे, त्याला कळतं.

आरटीओ. किट घेताना एआरएआयसारख्या चाचणी संस्थेची मान्यता आहे का ते प्रमाणपत्रासकट बघा. नाक्यावरच्या वेल्डिंगवाल्याने केलेलं काम आरसीवर चढत नाही. किटचं बिल, मान्यतेचा कागद, दिव्यांग प्रमाणपत्र, आरसी, विमा आणि गाडीवर कर्ज असेल तर बँकेचं ना-हरकत पत्र घेऊन जायचं. निरीक्षक गाडी बघतो आणि आरसीवर अडॅप्टेड व्हेईकल अशी नोंद होते. मग विमा कंपनीला कळवून पॉलिसीवर तीच नोंद. ही नोंद असेल तर ओन डॅमेजच्या (स्वतःच्या गाडीच्या नुकसानीच्या) हप्त्यात सवलत मागता येते. नोंद नसेल तर अपघातात क्लेम अडतो, आणि तुम्ही तर दिवसभर रस्त्यावर असणार.

लायसन्सही त्याच वर्गाचं. आधी गाडी तयार, मग लर्निंग. लर्निंगनंतर ३० दिवसांनी पक्क्याची चाचणी, ती आपल्याच गाडीवर द्यायची. फॉर्म १-ए वर डॉक्टरची सही लागते. क्रम उलटा केलात तर चाचणीच्या दिवशी गाडी नाही म्हणून परत यावं लागतं.

---

हेडफोन_मोनो

प्रश्न ४ ला उत्तर. फोनच्या कामाला इथे बरेच जण कमी लेखतात. तासगावात द्राक्षावर फोनची विक्री ही साबणाच्या बीटपेक्षा अवघड आणि जास्त टिकाऊ आहे, फक्त ती नीट केली पाहिजे.

याद्या घेऊन "दादा, काही औषध हवंय का" असा फोन केला तर दिवसाला १०० फोन करूनही हाती काही लागत नाही. द्राक्षात सगळं छाटणीच्या तारखेवर चालतं. प्रत्येक बागायतदाराच्या प्रत्येक प्लॉटची नोंद करा: एकर, वाण, फळछाटणीची तारीख, पाणी कुठलं. एका माणसाचे तीन प्लॉट तीन तारखांचे असतात, नोंद प्लॉटची ठेवायची, माणसाची नाही. मग सकाळी वही उघडली की कोणाचा प्लॉट आज छाटणीपासून कितव्या दिवसाला आहे ते दिसतं. फुटीच्या वेळी वेगळं लागतं, पोंग्यानंतर (कोंब उमलल्यावर) डाऊनी म्हणजे केवडा रोगाची भीती, घड फुलोऱ्यात असताना वेगळी, पुढे भुरी रोग. "तुमच्या खालच्या सोनाका वाणाच्या प्लॉटचा आज १८ वा दिवस, काल पाऊस झालाय, डाऊनीचं काय केलंत?" असं विचारणाऱ्याचा फोन शेतकरी उचलतो. नाही उचलला तर परत करतो.

फोनची वेळ सकाळी ७ च्या आधी किंवा रात्री ७ ते ९. मधल्या वेळात तो फवारणीच्या ब्लोअरवर असतो, ऐकू येत नाही. होलसेलर १० ते ६ ची ड्युटी सांगत असेल तर आधीच बोला, सीझनला वेळ बदलावी लागेल आणि तसा पगारही.

दोन सावधगिऱ्या. औषधाच्या लेबलवर द्राक्षाचं नाव असेल तरच सांगायचं, आणि शेवटची फवारणी ते काढणी हे अंतर प्रत्येक वेळी बोलून दाखवायचं. निर्यातीच्या बागेत अंश सापडला तर तुमचं नाव पहिलं निघतं. दुसरं, अनोळखी नंबरांवर स्वतःच्या दहा आकडी मोबाईलवरून जाहिरातीचे फोन लावू नका. तक्रारी झाल्या की नंबर बंद होतो. प्रचाराच्या कॉलसाठी १४० ची मालिका असते, ती व्यवस्था मालकाने करायची. तुम्ही आपल्याच खातेदारांना, त्यांच्या परवानगीने फोन करा.

पुढे काय? ३०० प्लॉटची अशी वही ज्याच्याकडे आहे त्याला कंपन्या विचारतात. वही मालकाच्या रजिस्टरमध्ये जाणार की तुमच्याकडेही राहणार, हे मात्र सुरुवातीला स्पष्ट करून घ्या.

जाता जाता, हा धागा वाचणाऱ्या दृष्टिहीन मंडळींसाठी. कॉलिंगच्या नोकरीत अडचण बोलण्याची नसते, डायलरची (फोन लावायच्या सॉफ्टवेअरची) असते. एनव्हीडीए हा स्क्रीन रीडर (पडद्यावरचं वाचून दाखवणारा प्रोग्राम) फुकट आहे आणि मराठी वाचतो, पण बऱ्याच डायलरची बटणं त्याला नुसती "बटण, बटण" अशी दिसतात. होकार देण्याआधी त्यांच्या सिस्टीमवर तासभर बसून बघा. आणि हेडफोन असा लावा की एका कानात गिऱ्हाईक, दुसऱ्यात स्क्रीन रीडर.

---

बेदाणा_२६ (तासगाव)

सगळ्यांचे आभार, हे पाहिजे होतं. बीट_नंबर_सात, एक अडचण. वितरकाकडे कंपनीचं ॲप आहे. दुकानाच्या ५० मीटरच्या आत गेल्याशिवाय चेक-इन होत नाही आणि पहिला कॉल साडेनऊच्या आत लागतो. मी गाडी एका जागी लावून चाललो तर ठीक, पण मध्ये फोनवर ऑर्डर घेतली तर ती मोजत नाहीत असं तिथला मुलगा म्हणाला. आणि वसुलीपण माझ्याकडेच आहे.

---

बीट_नंबर_सात

हे विचारलंत ते बरं झालं, निम्मे लोक इथेच अडकतात.

फोनवरची ऑर्डर ॲपमध्ये बहुतेक ठिकाणी वेगळ्या नावाने घेता येते, टेलिफोनिक किंवा ऑफ-रूट. विक्रीच्या रकमेत ती धरतात, पीसीमध्ये धरत नाहीत. म्हणून इन्सेंटिव्ह कशावर आहे ते आधी विचारा. नुसत्या पीसीवर असेल तर तुमचा तोटा. रकमेवर आणि एका बिलात किती लाइन्स (वेगवेगळ्या वस्तू) जातात यावर असेल तर तुमचा फायदा, कारण कमी दुकानांत जास्त वेळ बसून जास्त प्रकार विकणं तुम्हाला परवडतं. मागणी अशी करा: ४० ऐवजी ३२ प्रत्यक्ष दुकानं, उरलेली ८ आठवड्याआड प्रत्यक्ष आणि मधल्या आठवड्यात फोनवर, टार्गेट रुपयांत तेवढंच. "मला कमी काम द्या" असं कुठेच म्हणायचं नाही. रक्कम तीच, रस्ता वेगळा.

साडेनऊच्या पहिल्या कॉलसाठी पहिला थांबा बीटच्या सुरुवातीचा नको, तुमच्या वाटेवरचा निवडा. तासगावहून सांगली २५ किलोमीटरच्या आसपास, तुमच्या गाडीला पाऊण तासाहून जास्तच लागेल. रोज तेवढं येणं-जाणं करण्यापेक्षा तासगाव बीट शनिवारी घ्या आणि बाकीचे दिवस एसटीने येऊन गाडी सांगलीत ठेवता येते का बघा. वितरकाच्या गोडाऊनला जागा असतेच. ४० टक्क्यांच्या वर असलेल्यांना एसटीत ७५ टक्के सवलत आहे. सोबत्याची सवलत ६५ टक्क्यांपासून, ती तुम्हाला नाही.

वसुलीबद्दल. "उद्या या" हे दोन शब्द इतरांना एक चक्कर पडतात, तुम्हाला एक उतरणी. म्हणून बिल टू बिल. मागचं बिल मिटलं की पुढची ऑर्डर, यात सूट नाही. क्यूआर वितरकाच्या खात्याचा, तुमच्या मोबाईलचा नाही. रोख शक्यतो नकोच. पाठीवर बॅग, एका हातात कुबडी आणि खिशात ४० हजार रुपये ही चांगली अवस्था नव्हे. रोख घ्यावीच लागली तर दुपारच्या अर्ध्या तासात बँकेत किंवा गोडाऊनला भरून मोकळं व्हा.

आणि हे लिहून घ्याच: काम ऑर्डर बुकिंगचं, रेडी स्टॉकचं (व्हॅनमधून माल तिथेच उतरवून देण्याचं) नाही. दिवाळीच्या आधी व्हॅनचा मुलगा सुट्टीवर गेला की "आजच्या दिवस तू जा रे" असं होतं आणि मग तेच काम होऊन बसतं. बिस्किटाची पेटी हलकी असते, साबणाची नसते.

---

फाईल_घेऊन_आलोय

प्रश्न ३. थोडक्यात, कारण कागदपत्रांवर लांबण लावली की कोणी वाचत नाही.

पहिला प्रश्न: पगार कोणाच्या खात्यातून? वितरकाच्या, कंपनीच्या की मधल्या एजन्सीच्या? तिघांपैकी जो पगार देतो त्यालाच पीएफ आणि ईएसआयचं (कामगार विम्याचं) आधी विचारा. ईएसआयची पगारमर्यादा इतरांना २१,०००, दिव्यांगांना २५,०००. म्हणजे इन्सेंटिव्हने पगार वाढला म्हणून लगेच बाहेर काढू देऊ नका.

व्यवसाय कर. महाराष्ट्रात ४० टक्के किंवा जास्त कायम अपंगत्व असलेल्याला माफ आहे. महिन्याला २००, फेब्रुवारीत ३०० असे वर्षाचे २,५०० कापले जातात, कारण हिशेबनिसाला माहीत नसतं. रुजू होताना प्रमाणपत्राची प्रत देऊन पोच घ्या. आयकरात ८०-यू ची वजावट जुन्या पद्धतीतच मिळायची, नव्यात नाही. तुमच्या पगाराला कर लागतच नाही, त्यावर डोकं खपवू नका.

२०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात वाजवी सोय नाकारणं हा भेदभाव धरलाय, आणि समान संधी धोरण खासगी आस्थापनेलाही करावं लागतं. पण मुलाखतीत कायद्याचं कलम काढून बसू नका. सात माणसांच्या वितरकाला ते माहीत नसतं आणि तो घाबरून "नंतर कळवतो" म्हणतो. स्टूल, ३२ दुकानं, साडेतीन रुपये, हे साध्या भाषेत मागा आणि ठरलेलं व्हॉट्सॲपवर त्यांच्याकडून लिहून घ्या. "कालच्या बोलण्याप्रमाणे असं ठरलं, बरोबर ना?" एवढा मेसेज आणि त्यावर त्यांचं हो. कायदा नंतरसाठी. मोठी कंपनी असेल आणि अन्याय झालाच तर राज्याच्या दिव्यांग आयुक्तांचं कार्यालय पुण्यात आहे, तक्रार तिथे.

संजय गांधी निराधारचे पैसे घरी येत असतील तर पगार सुरू झाल्यावर उत्पन्नाची मर्यादा ओलांडली जाते. स्वतः तहसीलला कळवा. नंतर वसुलीची नोटीस येण्यापेक्षा ते बरं. केंद्राच्या एडीआयपी योजनेत दिव्यांगांच्या मोफत साहित्यालाही मासिक उत्पन्नाची अट आहे, २२,५०० पर्यंत पूर्ण मोफत. नवा कॅलिपर हवा असेल तर आत्ताच शिबिरात नाव द्या.

---

कडी_लागली_का

वरच्या कोणी पायाबद्दल लिहिलं नाही म्हणून.

रोज दहा-बारा वेळा लॉक लावणं-सोडणं म्हणजे कॅलिपरच्या गुडघ्याच्या लॉकची कडी लवकर झिजणार. उभं राहिल्यावर कडी खाली पूर्ण पडल्याचा "टक" आवाज ऐकायचा. पेठेतल्या गोंगाटात तो येत नाही, तिथे बोटाने चाचपून बघा. पॅन्टचं कापड कडीखाली अडकलं तर ती अर्धीच बसते, सपाट जमिनीवर धरते आणि ओट्यावरून उतरताना गुडघा दुमडतो. पडायची बहुतेक कारणं हीच. बाहेरच्या बाजूला सैल पॅन्ट, आतल्या बाजूला मांडीपर्यंत सुती मोजा, आणि बॅगेत दुसरी जोडी. मार्च ते मे घामाने पट्ट्याखाली कातडी सोलते. लाल खूण अर्ध्या तासात गेली नाही तर पट्टा घट्ट आहे किंवा पॅड बसलंय, दुसऱ्या दिवशी तसंच जाऊ नका.

कुबडीचं रबर खालून बघत जा. गोल रेघा सपाट झाल्या की बदला, फाटायची वाट बघू नका. ओल्या शहाबादी फरशीवर गुळगुळीत रबर साबणासारखं सरकतं. १९ आणि २२ मिलिमीटर अशी मापं येतात, नळी मोजून घ्या. आत लोखंडी चकती असलेलं घ्या, नाहीतर नळीच रबर कापून खाली येते. एक जादाचं डिकीत.

आणि शौचालय. कॅलिपर घालून उकिडवं बसता येत नाही. बीट ठरवताना प्रत्येक बीटवर कमोड कुठे आहे ते एक ठिकाण हेरून ठेवा, पेट्रोल पंप, हॉस्पिटल, मोठं हॉटेल. लोक यासाठी पाणी कमी पितात आणि एप्रिलमध्ये आडवे होतात.

---

बेदाणा_२६ (तासगाव)

वितरकाला आज फोन केला. ३२ प्रत्यक्ष, ८ आठवड्याआड, हे ऐकून "बघू" म्हणाले. पेट्रोलला तीनपर्यंत यायला तयार आहेत. होलसेलरने वहीचं ऐकून स्वतःच पगार १३,५०० केला. आता तर जास्तच गोंधळ.

---

बीट_नंबर_सात

हेडफोन_मोनोशी माझं एका बाबतीत पटत नाही. फोनच्या कामातून कंपन्या विचारतात हे खरं, पण विचारताना पहिला प्रश्न "फील्ड केलंय का" हाच असतो. निदान एक सीझन रस्त्यावर काढलेला बरा.

पण ते पायाला विचारून. वितरकाला म्हणा, होकाराआधी दोन दिवस जुन्या मुलाबरोबर बीट करतो, पगार नको. एक दिवस सांगली, एक दिवस मिरज. ऑर्डर घ्यायची नाही, नुसतं मोजायचं: किती वेळा उतरलात, पहिल्या दुकानाला किती वाजले, शेवटच्याला किती, आणि रात्री कॅलिपर काढल्यावर लाल खूण किती वेळ राहिली. दुसऱ्या दिवशी सकाळी कॅलिपर नेहमीसारखा चढला तर साडेतीन रुपयांवर अडून बसा. नाही चढला तर छाटणीच्या तारखा गोळा करायला लागा, ऑक्टोबर लांब नाही.